आजीला डायलॉग ऐकू का येत नव्हते? होम थिएटर तपासण्याची आणि जुळवण्याची गोष्ट

(हा पॉडकास्टच्या भागाचा लिखित मजकूर आहे. बोलतानाचं अडखळणं काढलंय, बाकी बोललो तसंच ठेवलंय. भागात जिथे आवाज वाजवून दाखवलाय तिथे चौकटी कंसात तसं लिहिलंय.)

[००:००] सुरुवात

कानात इअरफोन असेल तर आवाज जरा कमी करून ठेवा. आज मी मध्येमध्ये काही विचित्र आवाज वाजवणार आहे, नंतर मला शिव्या नकोत.

आजचा विषय होम थिएटर. थांबा, "आपल्याकडे कुठे आहे ते" म्हणून भाग बदलू नका. तुमच्या घरी साधा साउंडबार असेल, काकांकडे ५.१ असेल, किंवा दिवाळीला घ्यायचा विचार चालू असेल, तरी पुढचा अर्धा तास कामाचा आहे. आणि आज लागणारी हत्यारं तीनच: तुमचा फोन, एक मोजायची टेप आणि थोडा संयम.

गोष्ट भंडाऱ्याची आहे. मे महिन्यात मामांकडे गेलो होतो. मामांचा मुलगा पुण्याला नोकरी करतो. त्याने मागच्या दिवाळीत घरी मोठा टीव्ही, रिसीव्हर आणि पाच स्पीकर-एक सबवूफर असा ५.१ संच पाठवला. दुकानाचा मुलगा आला, वायरी जोडल्या, एक गाणं दणक्यात वाजवलं, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि तो गेला. झालं होम थिएटर.

मी गेलो तेव्हा पाहिलं की संध्याकाळी सगळे हॉलमध्ये पिक्चर बघताहेत आणि आजी एकटी आतल्या खोलीत बसलीये. विचारलं तर म्हणाली, "गाना आयकू येते बाबू, पन बोलना समजत नाई. मंग काय बसू तिथं?" मामांचं मत ठाम होतं: "मायचे कान गेले आता." आणि मामी हळूच म्हणाली, "कान काय सांगता, मलेही समजत नाही. मी आपली बसते."

म्हणजे बघा, दोष यंत्राचा की कानाचा हे कोणी तपासलंच नव्हतं. सरळ आजीच्या वयावर ढकलून मोकळे झाले होते. मी म्हटलं, मामा, मला एक दुपार द्या.

[०२:५०] माइक टेस्टिंग, हॅलो हॅलो

झाडीपट्टीत राहणाऱ्यांना मी हे वेगळं सांगायला नको. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूर या भागात दिवाळीनंतर नाटकांचा हंगाम सुरू होतो. वडशाच्या कंपन्या गावोगाव जातात, रात्र रात्र नाटक चालतं. पडदा उघडायच्या आधी काय होतं? "हॅलो, हॅलो, माइक टेस्टिंग." शेवटी सतरंजीवर बसलेल्या माणसाला शब्द कळतोय का, ते आधी बघावं लागतं. कारण नाटक त्याच्यासाठीही आहे.

आपण घरात चांगले पैसे घालून संच आणतो आणि ही एवढीशी तपासणी करत नाही. वायर जोडणं म्हणजे संच *लावणं*. तो बसणाऱ्या माणसाच्या कानाशी *जुळवणं* हे वेगळं काम आहे. इंग्रजीतला शब्द कॅलिब्रेशन, आपण जुळवणं म्हणू.

[०४:१०] डायलॉग राहतो कुठे?

५.१ म्हणजे काय, ते पटकन. समोर तीन स्पीकर: डावा, मधला, उजवा. बाजूला किंवा थोडे मागे दोन सराउंड. हे झाले पाच. आणि तो ".१" म्हणजे फक्त खालचा, घुमणारा आवाज देणारा सबवूफर. डॉल्बी डिजिटल ही पद्धत घेऊन मोठ्या पडद्यावर आलेला पहिला मोठा सिनेमा १९९२ सालचा 'बॅटमॅन रिटर्न्स'. पण पडद्यामागे मधला स्पीकर ठेवायची कल्पना त्याहून फार जुनी आहे. १९४० साली डिस्नेच्या 'फँटेशिया'साठी पडद्यामागे तीन स्पीकरांची व्यवस्था केली होती.

मधला कशाला? कारण थिएटरात एका टोकाच्या खुर्चीवर बसलेल्यालाही बोलणं पडद्यावरच्या माणसाकडून आल्यासारखं वाटलं पाहिजे. म्हणून सिनेमात बहुतेक सगळे डायलॉग मधल्या स्पीकरमध्ये असतात. हे एक वाक्य लक्षात ठेवा, आजचा अर्धा भाग त्यातच आहे: डायलॉग ऐकू येत नसतील तर आधी मधला स्पीकर बघा.

आता कानाची बाजू. वय वाढतं तसं आधी उंच पट्टीचे आवाज ऐकू येणं कमी होतं. आपल्या भाषेत स्वर, म्हणजे आ, ओ, ऊ, हे खालच्या पट्टीतले आणि दमदार. पण स, श, च, थ, फ ही व्यंजनं उंच पट्टीतली आणि नाजूक. म्हणून म्हाताऱ्या माणसाला "कोणीतरी बोलतंय" हे कळतं, पण "साथ" म्हणाला की "हात" हे कळत नाही. त्यावर संगीत आणि घुमणारा आवाज चढला की त्या नाजूक व्यंजनांचा पुरता निकाल लागतो. आजी बरोबर हेच सांगत होती: गाणं ऐकू येतं, बोलणं समजत नाही.

[०६:३०] पायरी पहिली: खोली गप्प करा

मोजायच्या आधी खोलीचा स्वतःचा आवाज ऐका. टीव्ही बंद, रिसीव्हर चालू, आवाज नेहमीच्या आकड्यावर, आणि डोळे मिटून एक मिनिट बसा.

मामांच्या हॉलमध्ये पहिला आवाज कुठला असेल? मे महिना, भंडारा. कूलर! खिडकीला लावलेला, वाळ्याच्या जाळ्यांचा, विमानासारखा. माझ्या फोनच्या ॲपवर कूलर बंद असताना आणि चालू असताना तब्बल वीस डेसिबलचा फरक दिसला. दहा डेसिबल वाढले की कानाला आवाज साधारण दुप्पट वाटतो, त्यावरून अंदाज करा. आता उन्हाळ्यात कूलर बंद करून पिक्चर बघा असं भंडाऱ्यात सांगणारा मार खाईल. म्हणून आम्ही काय केलं: मोजताना कूलर बंद ठेवला, आणि बघताना वेग कमी करून आजीच्या बसायच्या जागेवरून त्याचं तोंड फिरवलं.

दुसरा आवाज होता बारीक "घूंऽऽ". [इथे भागात ५० हर्ट्‌झचा सूर वाजवलाय]. आपल्या घरातली वीज सेकंदाला ५० वेळा हेलकावते, तोच हा सूर. बऱ्याचदा डिशची केबल आणि रिसीव्हर दोन वेगळ्या जागी अर्थिंगला जोडले गेले की हा गुणगुणाट येतो. एक एक वायर काढून बघा, कुठली काढल्यावर थांबतो ते कळेल. आमच्याकडे डिशची केबल काढल्यावर थांबला. टीव्ही, सेट टॉप बॉक्स आणि रिसीव्हर एकाच एक्स्टेंशन बोर्डावर आणले, गेला. पण एक गोष्ट कधीही करायची नाही: गुणगुणाट घालवायला प्लगची अर्थिंगची पिन तोडायची नाही. ती पिन तुमचा जीव वाचवायला आहे.

शांतता तपासायला एक सिनेमा सांगतो, सगळ्यांनी पाहिलेला. नागराज मंजुळेंचा २०१६ सालचा 'सैराट'. शेवटी आवाज निघून जातो ना? तिथे तुमच्या हॉलमध्ये जे काही ऐकू येतं ते सिनेमातलं नाही, तुमच्या घरातलं आहे. पंखा, कूलर, फ्रीज, गुणगुणाट, सगळं. ती शांतता शांतताच ऐकू आली पाहिजे.

[०९:४०] पायरी दुसरी: ५.१ येतंय तरी का?

आता खरी गंमत. मी रिसीव्हरच्या डिस्प्लेवर बघितलं तर लिहिलेलं: पीसीएम, दोन चॅनेल. म्हणजे टीव्हीतून रिसीव्हरला मुळात डावा-उजवा एवढाच आवाज जात होता! आणि खाली दुसरा शब्द: ऑल चॅनेल स्टिरिओ. म्हणजे तोच दोन चॅनेलचा आवाज पाचही स्पीकरांतून एकसारखा ओतला जात होता.

दुकानाच्या मुलाला दोष देणार नाही. पाचही स्पीकर वाजले की गिऱ्हाईक खूश होतं, हे त्याला अनुभवाने माहीत. लग्नाच्या मांडवात हा मोड ठीकच आहे. पण सिनेमात एकच वाक्य पाच दिशांनी, पाच वेगवेगळ्या क्षणी कानावर येतं. आणि आजीचा दिवाण कुठे होता? डाव्या सराउंड स्पीकरच्या अगदी खाली. म्हणजे पडद्यावरचा माणूस समोर बोलतोय, आणि आजीच्या कानाशी मागून ढोल-ताशासकट सगळं एकत्र आदळतंय.

तुम्ही काय तपासाल? टीव्ही आणि रिसीव्हर एचडीएमआयने जोडले असतील तर दोन्हीकडे एआरसी लिहिलेल्या खाचेतच वायर हवी. टीव्हीच्या सेटिंगमध्ये डिजिटल ऑडिओ आउटपुट "पीसीएम" असेल तर "बिटस्ट्रीम", "पास थ्रू" किंवा "ऑटो" करा. मग ५.१ असलेला सिनेमा लावा आणि डिस्प्लेवर "डॉल्बी डिजिटल" किंवा तसलं नाव येतंय का बघा. लक्षात ठेवा, यूट्यूबवरचे बहुतेक व्हिडिओ दोनच चॅनेलचे असतात. तिथे मागचे स्पीकर गप्प राहिले तर ते बिघडलेले नाहीत.

[१२:२०] पायरी तिसरी: कोण कुठे, आणि कुणाची वायर उलटी?

रिसीव्हरच्या मेनूत "टेस्ट टोन" असतो. तो लावला की एकेका स्पीकरमधून क्रमाने "श्शऽऽ" असा आवाज येतो. [इथे पिंक नॉइज वाजवलाय]. पावसाचा पत्र्यावर पडल्यासारखा हा आवाज, त्याला पिंक नॉइज म्हणतात. यात प्रत्येक सप्तकात सारखीच ताकद असते, म्हणून मोजायला सोयीचा.

पहिलं काम: डिस्प्लेवर "डावा" लिहिलंय तेव्हा डावाच वाजतोय ना? हसू नका. मामांकडे मागचे दोन स्पीकर अदलाबदल झालेले होते. सहा महिने सिनेमातली गाडी उजवीकडून मागे जायची आणि डावीकडून निघायची.

दुसरं काम: लाल-काळी. प्रत्येक स्पीकरची लाल वायर लालला, काळी काळीला. एक जरी उलटी लागली तर एका स्पीकरचा पडदा पुढे येतो तेव्हा दुसऱ्याचा मागे जातो. दोघं मिळून एकमेकांचा खालचा आवाज खातात. ओळखायचं कसं? दोन चॅनेलचं गाणं लावा, फक्त समोरचे डावा-उजवा चालू ठेवा आणि बरोबर मध्ये बसा. गायकाचा आवाज दोघांच्या मधोमध, हवेत एका जागी उभा राहिला पाहिजे. तो पसरट, डोक्याभोवती फिरणारा वाटला तर एक वायर उलटी आहे. वायरीला हात लावण्याआधी रिसीव्हर प्लगपासून काढा, हे सांगायला लागू नये, पण सांगतो.

[१४:४५] पायरी चौथी: जागा

पडद्याच्या दोन बाजूंना डावा-उजवा. तुम्ही बसता तिथून बघितलं तर दोघं मधल्या रेषेपासून साधारण ३० अंशांवर. कोनमापक नको. तुमच्यापासून दोन्ही स्पीकर जेवढे लांब, तेवढंच त्या दोघांतलं अंतर ठेवा. तिन्ही बाजू सारख्या असलेला त्रिकोण झाला की ३० अंश आपोआप येतात. सराउंड स्पीकर कानाच्या रेषेच्या जरा मागे, ११० अंशांच्या आसपास, कानापेक्षा थोडे उंच.

आणि मधला? तो टीव्हीच्या अगदी खाली किंवा वर, तोंड थेट कानाकडे. मामांचा मधला स्पीकर शोकेसच्या कप्प्यात आतपर्यंत सरकवलेला होता आणि त्याच्या अर्ध्या तोंडासमोर पितळी गुंड. गुंड म्हणजे पाण्याचा बरं का, मारामारी करणारा नाही! भंडारा पितळेच्या भांड्यांसाठी जुनं नावाजलेलं गाव, तेव्हा मामीच्या शोकेसमध्ये पितळ असणारच. पण उंच पट्टीचे आवाज, म्हणजे तीच आपली स-श-च ची मंडळी, सरळ रेषेत जातात आणि वाटेत काही आलं की अडतात. गुंड बाजूला, स्पीकर कप्प्याच्या कडेला पुढे, आणि खाली रबराचा तुकडा घालून तोंड थोडं वर. एवढ्यावरच मामी स्वयंपाकघरातून ओरडली, "आता आवाज मोठा केला का रे?" केला नव्हता.

दिवाणही हलवला. सराउंडच्या खालून काढून सोफ्याच्या ओळीत आणला.

[१७:१०] पायरी पाचवी: टेप काढा

आवाज सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो. म्हणजे एक मीटरला जवळपास ३ मिलिसेकंद. आमच्याकडे मधला स्पीकर सोफ्यापासून २.४ मीटरवर, सराउंड १.२ मीटरवर. फरक १.२ मीटर, म्हणजे मागचा आवाज साडेतीन मिलिसेकंद आधी पोचणार. तुम्ही म्हणाल, एवढ्याने काय होतं? कानाची एक सवय आहे: एकच आवाज दोन ठिकाणांहून आला तर जो आधी पोचतो, तिकडूनच तो आला असं मेंदू ठरवतो. याला हास परिणाम म्हणतात. म्हणून प्रत्येक स्पीकरचं अंतर टेपने, डोकं जिथे टेकतं तिथपासून मोजा आणि रिसीव्हरच्या मेनूत भरा. जवळच्या स्पीकरला तो तेवढा वेळ थांबवून ठेवतो.

कोणीतरी कमेंटमध्ये विचारेलच: विदर्भातल्या ४५ अंशात आवाज वेगाने जातो ना, मग उन्हाळ्यात पुन्हा मोजायचं का? जातो, बरोबर आहे. २० अंशांना ३४३ मीटर, तर ४५ अंशांना जवळपास ३५७. पण आपल्या १.२ मीटरच्या फरकात त्याने एका मिलिसेकंदाचा पाचवा भागसुद्धा पुरता बदलत नाही. कूलर पुसा, टेप राहू द्या.

[१९:१५] पायरी सहावी: सगळे सारखे

आता फोनवर डेसिबल मोजणारं कुठलंही ॲप घ्या. सेटिंग असेल तर "सी" वेटिंग आणि "स्लो" निवडा. फोन हातात धरू नका. बसल्यावर कान जिथे येतो त्या उंचीवर उशी-पुस्तकांच्या चळतीवर ठेवा आणि स्वतः बाजूला व्हा.

टेस्ट टोन लावा. समोरच्या डाव्याचा आकडा बघा, समजा ७५ आला. आता बाकीचे चार ७५ वर आणा. बस, एवढंच. फोनचा माइक खरे ७५ सांगतो की ७२, याची चिंता करू नका. फोनचे माइक एकमेकांशी जुळत नाहीत, पण एकाच फोनने पाचही स्पीकर मोजले की चूक सगळीकडे सारखीच होते आणि आपल्याला हवा असलेला *फरक* बरोबर मिळतो.

मामांच्या घरचे आकडे सांगतो. डावा-उजवा ७५. सराउंड ८०, कारण ते जवळ. आणि मधला? ६९. ज्याच्यात सगळे डायलॉग, तोच सगळ्यांत हळू! मामा आकडा बघून गप्प झाले. मग म्हणाले, "म्हंजे माय खरंच सांगत होती."

हो मामा. आजी खरंच सांगत होती.

सगळे ७५ वर आणले. नंतर मधला मुद्दाम आणखी २ डेसिबल चढवला. पुस्तकातलं माप सगळ्यांना सारखं ठेवा सांगतं, पण घर पुस्तकासाठी नाही, घरच्यांसाठी आहे. डायलॉगसाठी मधला २-३ डेसिबल वर ठेवायला कुणाची परवानगी लागत नाही.

[२२:००] पायरी सातवी: सबवूफर, आणि मामा रांगतात

छोट्या स्पीकरांना खालचे जाड आवाज झेपत नाहीत. म्हणून मेनूत ते "स्मॉल" करा आणि क्रॉसओव्हर ८० हर्ट्‌झ. म्हणजे ८० च्या खालचं सगळं सबवूफरकडे. अगदीच चिमुकले स्पीकर असतील तर १०० किंवा १२०. सबवूफरला मागे स्वतःचं क्रॉसओव्हरचं बटण असेल तर ते पूर्ण वर फिरवून ठेवा, नाहीतर दोनदा गाळणी लागते.

पण सबवूफरचा खरा मालक खोली असते. आपली विटा-सिमेंटची, फरशीची, मोकळी खोली खालचे आवाज भिंतींत कोंडते. मामांचा हॉल १५ बाय १२ फूट. १५ फुटांच्या दोन भिंतींमध्ये ३७-३८ हर्ट्‌झचा सूर अडकून घुमतो, १२ फुटांत ४७ च्या जवळचा. काही जागी तो सूर दुप्पट होतो, आणि बरोबर मधोमध जवळपास गायब. म्हणून तोच सबवूफर एकाला "घुमतोय" वाटतो आणि शेजारच्याला "वाजतच नाही".

उपाय गमतीचा आहे. सबवूफर उचलून तुमच्या बसायच्या जागेवर ठेवा. एकसारखं बासचं गाणं लावा. आता तुम्ही भिंतीकडेने रांगत फिरा, कान सबवूफरच्या उंचीवर. जिथे बास सगळ्यांत एकसारखा, न फुगता ऐकू येतो, तिथे सबवूफर ठेवायचा. मामा रांगले. आजी बाहेर येऊन बघायला लागली. मला वाटतं सहा महिन्यांत त्या हॉलमध्ये ती पहिल्यांदा एवढी हसली.

आणखी एक. "स्पीकर फाटलाय, खर्रर आवाज येतो" अशी मामांची तक्रार होती. फोनवर सूर काढणारं ॲप लावलं आणि २० हर्ट्‌झपासून हळूहळू वर नेत गेलो, आवाज बेताचाच ठेवून. [इथे सूर वर चढत जातो]. साठच्या जवळ आल्यावर "खर्रर". हात लावून शोधलं तर काय? पितळी गुंडावरचं झाकण! खाली कापडाची चकती घातली, स्पीकर बरा झाला. नवीन स्पीकर घ्यायच्या आधी घरातली भांडी तपासा.

फोनच्या माइकबद्दल सावध: बहुतेक फोन खालचे आवाज गाळून टाकतात, म्हणून सबवूफरला फोनचा आकडा प्रमाण मानू नका. तिथे कानच बरा. परीक्षा अशी: बास कुठून येतोय हे बोट दाखवून सांगता येत असेल तर तो जास्त आहे.

[२५:३०] ऑटोमॅटिक माइक असेल तर?

बऱ्याच रिसीव्हरसोबत छोटा माइक येतो. ऑडिसी, यामाहाचं वायपीएओ, डिरॅक अशी त्याच्या पद्धतींची नावं. तो अंतर, आवाजाची पातळी आणि खोलीचा घुमारा आपोआप मोजतो. वापरा, जरूर वापरा. पण माइक कानाच्या उंचीवर, तिपाईवर, घर शांत असताना. सोफ्याच्या पाठीवर टेकवू नका. आणि सांगेल तेवढ्या जागी माइक हलवा, कंटाळा करू नका.

मोजून झाल्यावर त्याचे आकडे तुमच्या टेपशी ताडून बघा. सबवूफरचं अंतर खऱ्यापेक्षा जास्त दिसलं तर "चुकलंय" म्हणून बदलू नका. सबवूफरच्या आतल्या सर्किटला लागणारा वेळही तो त्यात धरतो. मात्र माइकला एक गोष्ट कधीच कळत नाही: लाल-काळी वायर कळेल, अंतर कळेल, पण समोर पितळी गुंड ठेवलाय हे तो सांगणार नाही. आणि कोण कुठे बसतं, कुणासाठी हे चाललंय, हे तर नाहीच.

[२७:००] रात्र, शेजारी आणि कान

दोन छोटी बटणं. ओठ आधी हलतात आणि आवाज मागून येतो, किंवा उलटं, असं होत असेल तर "लिप सिंक" किंवा "ऑडिओ डिले" शोधा, बातम्या लावून जुळवा. आणि रात्री "नाइट मोड" लावा. तो मोठे आवाज दाबतो, छोटे वर आणतो. स्फोटाला रिमोट शोधायची धावपळ नको.

आपल्याकडे २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत राहत्या वस्तीसाठी दिवसा ५५ आणि रात्री १० ते सकाळी ६ पर्यंत ४५ डेसिबल अशी मर्यादा आहे. खालचा आवाज भिंत ओलांडतो, म्हणून सबवूफर शेजाऱ्याच्या भिंतीला चिकटवू नका. आणि हे तुमच्या इअरफोनलाही लागू: जागतिक आरोग्य संघटना सांगते की ८० डेसिबलला आठवड्यात ४० तास, तिथपर्यंत कान सुरक्षित. पुढे दर ३ डेसिबलला वेळ निम्मा करायचा. आज आजीच्या कानाबद्दल बोलतोय, आपले कानही त्याच वाटेवर आहेत.

[२८:४०] आणि मग आजी

संध्याकाळी दिवाणावर आजीला बसवलं. जुना कौटुंबिक मराठी सिनेमा लावला, मुद्दाम बोलण्याचा, मारामारीचा नाही. पाचेक मिनिटं ती काही बोलली नाही. मग पडद्यावरच्या सासूने काहीतरी टोमणा मारला आणि आजी मामीकडे बघून खुदकन हसली. तेव्हा कळलं, शब्द पोचला.

आता प्रामाणिकपणे सांगतो. आजीचे कान पूर्ण तरुण झाले नाहीत. नंतर मामांनी तिची कानाची तपासणी केली, त्यात वयाप्रमाणे ऐकणं थोडं उतरलेलं निघालं. स्पीकर जुळवणं म्हणजे उपचार नाही. घरात कुणाला बोलणं समजत नसेल तर कानाच्या डॉक्टरांकडे न्याच. पण त्यांना आतल्या खोलीत पाठवायच्या आधी एकदा टेप आणि फोन काढा. मामांच्या घरी सहा डेसिबल मधल्या स्पीकरचे होते, पाच डेसिबल मागच्यांचे, आणि वर एक चुकीचा मोड. हे सगळं सहा महिने एका म्हाताऱ्या बाईच्या वयाच्या नावावर खपत होतं.

तुमच्याकडे फक्त साउंडबार असेल तरी तीन गोष्टी करा: बारचं तोंड मोकळं ठेवा, "व्हॉइस" किंवा "डायलॉग" मोड लावून बघा, आणि टीव्हीचं ऑडिओ आउटपुट तपासा. आणि सामान हललं, सोफा बदलला, हॉलमध्ये धानाची पोती आली, की पुन्हा एकदा टेस्ट टोन.

आज घरी गेल्यावर एवढंच करा. घरातल्या सगळ्यांत वयस्क माणसाला त्यांच्या नेहमीच्या जागेवर बसवा, एक संवाद लावा आणि विचारा: "आत्ता तो काय म्हणाला?" उत्तर आलं तर छान. नाही आलं तर हा भाग पुन्हा पहिल्यापासून.

भेटू पुढच्या भागात. तोवर कान सांभाळा!